कैद्यांच्या हातची सतरंजी, कार्डं आणि गड्ड्याचं एक चित्र: काय घ्यावं, काय घेऊ नये

आधी हिशेबाचं सांगतो, म्हणजे घाई असलेल्यांना पुढं वाचायला नको. सतरंजी घ्या, पण लाल पट्ट्याची घेऊ नका. ग्रीटिंग कार्डं अजिबात घेऊ नका. चित्रं मात्र वेळ काढून, एकेक हातात धरून बघा. त्यांतलं एखादं असं निघतं की पैसे देताना आपणच कुणाला तरी लुबाडतोय असं वाटायला लागतं.

स्टॉल एका संस्थेचा आहे. तुरुंगांत जाऊन चित्रकला शिकवायची आणि आतल्या लोकांनी केलेल्या वस्तू गावोगावी नेऊन विकायच्या, असं यांचं काम. संस्थेचं नाव मुद्दाम लिहीत नाही. पुढं दोन-चार गोष्टी टोचून बोलायच्या आहेत, आणि ती पोरं पदरचं पेट्रोल घालून फिरतात. त्यांच्या नावानं इथं शिमगा व्हावा अशी माझी इच्छा नाही. दिवाळीच्या तोंडावर सोलापुरात त्यांचा मांडव पडतो. शोधणाऱ्याला सापडतो.

माझं म्हणाल तर उभी हयात जेकार्डची, म्हणजे मागावर नक्षी विणायच्या यंत्राची, डिझाइनं काढण्यात गेली. चादरीवरचा मोर आधी ग्राफ पेपरवर उतरतो. एक चौकोन म्हणजे एक उभा आणि एक आडवा धागा जिथं भेटतात ती जागा. चौकोन भरला तर धागा वर, मोकळा सोडला तर खाली. त्या ग्राफवरून पत्ते पंच होतात, पत्त्याला भोक असेल तिथं धागा उचलला जातो. एक ओळ चुकली की मोराचा डोळा मानेवर येतो, आणि कुणाच्या लक्षात येईपर्यंत गठ्ठेच्या गठ्ठे तसे निघालेले असतात. आता हे सगळं कॉम्प्युटरवर होतं. पण डोळ्याला लागलेली खोड जात नाही. लग्नात जेवायला बसलो तरी मी समोरच्या बाईच्या पदराचा रिपीट, म्हणजे नक्षी किती अंतरानं परत येते ते, मोजत असतो. त्यामुळं हा अभिप्राय जरा किचकट होणार, आत्ताच सांगून ठेवतो.

सतरंजी गेल्या दिवाळीला घेतली होती. चार बाय सहा फूट, साडेआठशे रुपये. सतरंजी आणि माणूस दोन्ही पाठीकडून बघावं, असं आमचे मास्तर म्हणायचे. माणसाचं मला माहीत नाही, सतरंजीचं खरं आहे. उलटी केली. पंजानं ठोकून विणलेली, आडवा धागा इतका दाबून बसवलेला की उभा कुठं डोकं काढत नाही. रुंदी दोन्ही टोकांना आणि मध्ये सारखी. नवशिक्याची सतरंजी मध्ये आत ओढली जाते, कारण आडवा धागा टाकताना तो ताणतो. इथं तसं काही नाही. दशांच्या गाठी एका रेषेत. बाजारात याच पैशांत यंत्रावरची मिळते, ती दोन पावसाळ्यांत चिंधी होते. ही आमच्याकडं नातवंडांनी वर्षभर तुडवली, लोळली, तिच्यावर कालवण सांडलं. वीण जागची हलली नाही.

रंग मात्र हलला. पहिल्याच धुण्यात लाल पट्टा शेजारच्या पांढऱ्यात उतरला. बादलीतलं पाणी गुलाबी झालं आणि पांढरा पट्टा कायमचा फिकट गुलाबी राहिला. सोलापुरात, जिथं पोरासोरांना पक्का रंग आणि कच्चा रंग कळतो, तिथं असला लाल घेऊन यायचं म्हणजे धाडसच. यंदा मी तीच सतरंजी काखेत मारून तक्रार घेऊन गेलो.

काउंटरवरच्या मुलीनं ऐकून घेतलं, वाद घातला नाही, पैसे परत देते म्हणाली. सेवा म्हणून चांगली खूण. पैसे घेतले नाहीत, कारण वीण मला आवडली होती. मला कारण हवं होतं, आणि ते तिच्याकडं नव्हतं. मागं खोक्यावर बसून चित्रं वर्तमानपत्रात गुंडाळणारा एक माणूस उठला, सतरंजीचा कोपरा बोटांत धरून चोळला, बोटाकडं बघितलं.

"काका, हा डायरेक्ट लाल आहे. वर रंग पक्का करणारं फिक्सर मारलेलं नाही. मीठ घाला, व्हिनेगर घाला म्हणून लोक सांगतात, कशानं थांबत नाही. थंड पाण्यात एकटीच धुवा आणि सावलीत घाला."

"तुम्ही डाइंगमध्ये आहात काय?"

"आता आहे. आधी आत होतो."

एवढं सरळ सांगितल्यावर मी खोक्यावर त्याच्या शेजारी बसलो.

त्याच्याकडं येतो. त्याआधी कार्डांचं उरकून टाकतो. तीस रुपयांना एक. वारलीतली माणसं, तारपा, गोल नाच. वारली काढायला हरकत नाही, पण डहाणू-तलासरीकडच्या घरांच्या भिंतींवर तांदळाच्या पिठानं जे उतरतं त्याला एक चाल असते. इथं छापील नमुना समोर ठेवून गिरवलेलं दिसतं, सगळ्या बायांचे त्रिकोण एका मापाचे. ज्यानं ते काढलंय तो लातूरचा असेल, धाराशिवचा असेल. त्याला त्याचं गाव काढू द्या की. गिऱ्हाईक वारली मागतं, असं काउंटरवरची मुलगी म्हणाली. मागत असेल. मला नको.

आता चित्रं. एका दोरीला चिमट्यांनी लावलेली, बहुतेक अर्ध्या इंपीरियल कागदावर (ड्रॉइंगचा मोठा कागद मधून अर्धा केलेला), पोस्टर कलर. शिवाजी महाराज, बाबासाहेब, विठ्ठल, धबधबा, धबधब्याशेजारी स्वित्झर्लंडमधलं लाल छपराचं घर. हे कॅलेंडरवरून आलेलं आहे आणि ओळखू येतं. काहींची रेघ चांगली आहे. दाढीचे केस एकेक काढायला लागलेला वेळ दिसतो. आत वेळ भरपूर असतो म्हणून तसं होतं, असं आपण म्हणून टाकतो, पण घरी बसलेल्या पेन्शनर लोकांकडंही वेळ भरपूर असतो, ते काय काढतात?

त्या रांगेत टोकाला गड्डा होता.

सोलापूरच्या बाहेरच्यांसाठी: संक्रांतीला सिद्धेश्वराची यात्रा भरते, तिला आम्ही गड्डा म्हणतो. सात मानाचे नंदीध्वज निघतात, उंचच्या उंच काठ्या, त्या पेलणारे आणि मागं चालणारे पांढऱ्या बाराबंदीत. संमती कट्ट्यावर अक्षता पडतात, होम मैदानावर पाळणे, दारूकाम, भाकणूक म्हणजे पुढच्या वर्षाचं भाकीत. हे दृश्य आमच्याकडं प्रत्येक कॅलेंडरवाल्यानं, प्रत्येक ड्रॉइंग मास्तरनं काढून झालंय. नेहमी वरून काढतात. तळं, मध्ये मंदिर, पूल, गर्दीचे ठिपके.

या चित्रात मंदिर नाही, तळंही नाही. आहेत त्या पाठी. बाराबंदीच्या पांढऱ्या पाठी, अगदी जवळून, कागदाचा खालचा दोनतृतीयांश भाग त्यांनीच भरलेला. बघणाऱ्याचा डोळा त्यांच्या कमरेच्या उंचीवर आहे. म्हणजे ज्यानं काढलंय त्यानं हे लहानपणी बघितलंय, कुणाचं तरी बोट धरून, मोठ्या माणसांच्या मागून, समोरचं काही न दिसता. पाठींच्या वर काठ्या. मोजल्या. सहा पूर्ण, सातवी कागदाच्या कडेला अर्धी कापलेली. ती अर्धी काठीच मला पटली. कॅलेंडरवाला सातही नीट बसवतो. खरोखर गर्दीत उभा राहिलेल्याला सातवी कधी पूर्ण दिसते?

आणि तो पांढरा. जवळ जाऊन बघितलं तर बाराबंदीला पांढरा रंग लावलेलाच नाही. कागद तसाच सोडलाय. फक्त घड्यांच्या जागी अगदी पातळ निळसर, कुठं मातकट. शाळेत जलरंगात हे शिकवतात, पण पोस्टर कलरमध्ये सहसा कोणी करत नाही, कारण पांढरा वरून थापता येतो. मी त्या माणसाला म्हणालो, हे कुणीतरी शिकलेल्यानं काढलंय. तो हसला.

"पांढरा संपतो, काका. आत सगळ्यात आधी पांढरा संपतो. सगळेच सगळ्यात तो मिसळतात. हा येऊन बसेपर्यंत बाटली रिकामी असायची. मग तो जागा सोडायला शिकला."

"तुम्ही ओळखता याला?"

"शेजारी बसायचो. तो अजून आत आहे."

"आणि चेहरे का नाहीत?"

"चेहऱ्याला समोर कोणी बसायला पाहिजे की. आत कोण बसतंय? तुझा चेहरा काढतो म्हटलं की समोरचा म्हणतो, कशाला, कुणाला दाखवणार?"

मी चित्र घेतलं. बाराशे रुपये. त्याच्या शेजारचा धबधबाही बाराशे, विठ्ठलही बाराशे. विचारल्यावर कळलं, किंमत कागदाच्या मापावर आहे. अर्ध्या इंपीरियलला बाराशे, पाव इंपीरियलला सातशे. ही माझी सगळ्यात मोठी तक्रार, रंग सुटल्यापेक्षाही मोठी. टॉवेल सुद्धा नुसत्या मापावर विकला जात नाही, वजन बघतात, पाइल म्हणजे वरचे फासे किती दाट ते बघतात. चित्र मापावर विकायचं म्हणजे तुम्ही न सांगता सांगताय की यातलं कुठलंही सारखंच, गिऱ्हाईक काय ते पुण्य घ्यायला येतंय. वर बॅनरही तसाच, गज धरलेले दोन हात आणि खाली मदतीचं आवाहन. त्या बॅनरमुळं काय होतं ते मी उभ्या उभ्या बघितलं. एक बाई विठ्ठलाला हात लावून म्हणाल्या, "कैद्यांना काय खर्च हाय ओ? पाचशेला द्या." त्यांचं चूक नाही. दया दाखवायला आलेला माणूस किती दया दाखवायची ते स्वतः ठरवणारच. चांगल्या चित्राला अडीच हजार लावा, धबधब्याला चारशे लावा. आत बसलेल्याला निदान कळेल की बाहेर कुणीतरी फरक करतंय.

नावाचाही प्रश्न आहे. चित्रावर सही नाही. पाठीमागं पेन्सिलीनं काहीतरी लिहून खोडलेलं. काउंटरवरच्या मुलीनं सांगितलं ते मला अर्धं पटलं: घरच्यांची पोरं शाळेत जातात, ज्याच्यावर गुन्हा घडला त्याच्या घरी हे नाव दिसणं बरं नाही. बरोबर आहे. पण नाव नको तर खूण घालू द्या. एक रेघ, एक पान, जे त्याला वाटेल ते. पुढच्या वर्षी तीच खूण दिसली तर मी तिकडं आधी जाईन. मी हे का बोलतोय तेही सांगतो. चादरीच्या काठावर कारखान्याचं नाव विणलेलं असतं, ते नाव ग्राफवर मीच कितीदा बसवलंय. ज्यानं मोर काढला त्याचं नाव कुठं नसतं. माझी एक वेल अजून चालते, परवा एसटी स्टँडवर एकाच्या खांद्यावर बघितली. त्याला सांगितलं तर तो म्हणाला असता, बरं मग?

तर तो रंगवाला. चाळिशीचा असेल, शहराच्या पूर्व भागातला, घरात तेलुगू, बाप मागावर. काय केलं ते मी विचारलं नाही, त्यानंच अर्धं सांगितलं. भांडण, लोखंडी पाइप, समोरच्याचा पाय गेला. शिक्षा भोगून आला. त्याआधी खटला चालेपर्यंत बराच काळ कच्चा कैदी म्हणून. देशातल्या तुरुंगांत २०२२ च्या अखेरीस शंभरातले सुमारे ७६ जण असेच कच्चे होते, हा सरकारचाच आकडा. पक्क्या कैद्याला सक्तमजुरी असली तर कामाला जुंपतात. सुतारकाम, विणकाम, शिवणकाम, शेती. कच्च्याला काम सक्तीचं नाही. गिनती, जेवण, गिनती, बंदी. घरचे भेटायला येतात त्या मुलाखतीच्या दिवसाची वाट. तो म्हणाला, चित्रकलेच्या वर्गाला नाव दिलं ते पंख्याखाली बसायला मिळतं म्हणून. मला हे उत्तर फार आवडलं. बॅनरवर हे कधी यायचं नाही.

पहिल्याच दिवशी बाईंनी फळ-फूल काही ठेवलं नाही. बराकीच्या भिंतीचा रंग कालवून दाखवा म्हणाल्या. कागदावर रंग लावायचा, वाळू द्यायचा, कागद भिंतीला टेकवायचा. कागद दिसेनासा झाला की जिंकलात. सगळे हसले, पांढरी तर आहे भिंत. कागद टेकवला तर भिंत पिवळी निघाली. पिवळा घातला तर ती हिरवी वाटायला लागली. खाली तेलकट तपकिरी, जिथं लोक डोकं टेकून बसतात. वर खिडकीजवळ निळसर. त्याला चित्र कधी जमलं नाही, हे तो स्वतःच सांगतो. त्याचा घोडा कुत्र्यासारखा यायचा. पण भिंत त्यानं धरली. दुसऱ्या तासाला परत भिंत, तिसऱ्याला परत. सकाळी जुळलेला रंग दुपारी जुळत नाही म्हणून तो बाईंशी भांडला. मग बाकीचे त्याच्याकडं रंग करून मागायला लागले. अमुकच्या आईच्या लुगड्याचा जांभळा. तमुकच्या बैलाचा रंग. समोर वस्तू नाही, नुसतं सांगण्यावरून कालवायचा. "तो म्हणायचा, अजून मळका. मी मळका करायचो. तो म्हणायचा, एवढा नाही रे." ब्रश तासाच्या शेवटी मोजून घ्यायचे, एक कमी भरला की सगळ्यांची झडती. रंगाच्या वाट्या मात्र त्याच्या ताब्यात राहायच्या.

बाहेर आल्यावर वर्ष-दीड वर्ष कुणी उभं केलं नाही. पोलिसांचा दाखला मागितला की विषय संपायचा. शेवटी एका डाइंगमध्ये पिंप धुवायला लागला. तिथं शेड मॅचिंगवाला एका टॉवेलच्या नमुन्यावर अडकला होता, ट्यूबलाइटखाली जुळतोय, उन्हात जुळत नाही. धंद्यातली जुनी डोकेदुखी आहे ही. दोन वेगळ्या रंगांच्या मिश्रणांतून एकाच उजेडात सारखा दिसणारा रंग बनतो, उजेड बदलला की दोघं वेगळे होतात, आणि निर्यातीचा माल असला तर अख्खा लॉट परत येतो. पिंप धुणाऱ्यानं सांगितलं, यात निळा दुसरा वापरा. त्याला रसायन माहीत नव्हतं, अजूनही फारसं नाही. सकाळची भिंत आणि दुपारची भिंत माहीत होती. आता तो कलर किचनमध्ये, म्हणजे रंग कालवायच्या खात्यात आहे, रेसिपीच्या वहीत त्याचं अक्षर आहे. रविवारी या स्टॉलवर येतो, चित्रं गुंडाळतो. चित्रं तो काढत नाही.

कलेनं माणूस सुधारतो वगैरे भाषणं मी पुष्कळ ऐकलीत, बहुतेक उद्घाटनांत. त्यात कैदी शेवटी मोठा चित्रकार होतो आणि हार घालून घेतो. या माणसाला चित्र काढता येत नाही आणि चित्रकलेच्या वर्गानं त्याला पोटाला लावलं. बघायला शिकला, एवढंच. माझ्या धंद्यात सुद्धा हात चांगला असलेले पुष्कळ आले, बघायची सवय असलेले कमी.

घरी चित्र आणलं तेव्हा आमच्या हिनं पहिला प्रश्न केला तो माझ्या डोक्यात आला नव्हता. "अहो, आणि ज्याचा पाय गेला त्याचं काय? त्याला कुणी रंग दिले का?" माझ्याकडं तयार उत्तर नव्हतं. नंतर वाचून काढलं. १९९८ मध्ये सुप्रीम कोर्टानं गुजरातच्या एका खटल्यात सांगितलंय की कैद्याला कामाची रास्त मजुरी द्यायला हवी, आणि त्या मजुरीतला काही वाटा ज्यांच्यावर गुन्हा घडला त्यांच्या भरपाईसाठी काढायची सोय राज्यांनी कायद्यानं करावी. ब्रिटनमध्ये आर्थर कोस्लर या लेखकानं, जो स्वतः १९३७ मध्ये स्पेनमध्ये मृत्युदंडाच्या छायेत कोठडीत होता, १९६२ मध्ये कैद्यांच्या कलेसाठी बक्षिसं सुरू केली. ती अजून चालू आहेत, चित्रं विकली जातात आणि विक्रीतला काही भाग पीडितांसाठी काम करणाऱ्यांकडं जातो. या आमच्या स्टॉलवर असं काही नाही, विचारल्यावर मुलगी गप्प झाली. करण्यासारखं आहे. रंगवाल्याला मी विचारलं होतं, तो दिसतो का कधी? "आमच्याच भागात राहतोय. समोरून आला की मी गल्ली बदलतो." यापुढं तो काही बोलला नाही, मीही नाही.

हिचं दुसरं म्हणणं, तुरुंगाची वस्तू घरात नको. यावर मात्र मी भांडलो. सोलापूरकरानं तुरुंग अशुभ म्हणायचं म्हणजे कमाल झाली. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन, चौघं १२ जानेवारी १९३१ ला येरवड्याच्या तुरुंगात फासावर गेले. त्यांच्या पुतळ्यांसमोरून आपण भाजी आणायला जातो. त्याच येरवड्यात गांधीजींनी पेटीत मावणाऱ्या चरख्यावर काम केलं, त्याला येरवडा चक्र हेच नाव पडलं. तुरुंगातून सूत बाहेर येतं हे या गावाला नवं आहे का?

आणि सांगोल्यापलीकडं आटपाडी घ्या. तिथं औंध संस्थानानं १९३९ च्या सुमारास स्वतंत्रपूर वसवलं. भिंत नाही, कुलूप नाही, जन्मठेपेचे कैदी बायकापोरांसह शेती करतायत. कल्पना मॉरिस फ्रिडमन या पोलंडच्या इंजिनिअरची, पाठबळ राजे भवानराव पंतप्रतिनिधींचं. शांतारामबापूंनी १९५७ मध्ये त्यावर सिनेमा काढला तो सगळ्यांना माहीत आहे. भवानराव स्वतः चित्रकार होते आणि औंधचं चित्रसंग्रहालय त्यांनीच उभारलं, हे कमी लोकांना माहीत असतं. चित्रं जमवणारा राजाच भिंत काढायला तयार झाला, हा मला योगायोग वाटत नाही. हिला वाटतो.

धाग्याच्या माणसाला खुश करणारी एक गोष्ट जाता जाता. अमेरिकेत कनेक्टिकटच्या तुरुंगात रे मॅटरसन नावाच्या माणसानं मोजे उसवून त्यांच्या धाग्यांनी भरतकाम सुरू केलं. चित्रं तळहातापेक्षा लहान, आणि एका चौरस इंचात हजाराच्या वर टाके. टाके मी फोटोत मोजायचा प्रयत्न केला, डोळे दुखले. तिकडच्या मेक्सिकन वंशाच्या कैद्यांत हातरुमालावर बॉलपेननं चित्र काढून घरी धाडायची रीतच आहे. आपल्याकडं टॉवेलाला, चादरीला काय कमी? कटपीस तर कारखान्यांच्या दारात पडलेले असतात. संस्थेनं सोलापूरच्या कारखानदारांकडं शब्द टाकावा, कुणी नाही म्हणणार नाही.

घेणाऱ्यांसाठी आता कामाचं. पोस्टर कलरला पाणी लागलं की खेळ खलास, म्हणून काचेशिवाय लावू नका. काच आणि कागद यांच्यामध्ये माउंट टाकायला सांगा, नाहीतर दमटपणात रंग काचेला चिकटतो. फ्रेमवाला माउंट कशाला म्हणतो, खर्च वाचवून देतो म्हणतो, ऐकू नका. एप्रिल-मेमध्ये आपल्याकडं पश्चिमेची भिंत हात लावू देत नाही, तिथं लावू नका. माझ्या चित्राचा एक कोपरा गुंडाळताना मुडपला होता, इस्त्रीनं नाही, वजनाखाली ठेवून सरळ केला. स्टॉलवाल्यांनी पुठ्ठ्याच्या नळ्या ठेवायला हव्यात. आपल्या गावात कापडाच्या ताग्याच्या रिकाम्या नळ्या फुकट मिळतात. पैसे फोनवरून घेतात, पावती हातानं लिहून देतात. सतरंजी मांडवातल्या दिव्याखाली पसंत करू नका, उन्हात नेऊन बघा, आणि ओलं फडकं घेऊन रंगावर चोळा. ते नाही म्हणत नाहीत.

चित्र सध्या समोरच्या खोलीत आहे. ही रोज त्याच्या खालून जाते, अजून काही म्हणालेली नाही. परवा तिची बहीण आली होती, तिला मात्र बोट दाखवून सांगत होती, सातवी काठी बघ, अर्धी आहे.

ज्यांना विकत काही घ्यायचं नाही, त्यांच्याकडून संस्था रंगही घेते. बाटल्या सीलबंद लागतात, बिल जोडावं लागतं, कारण आत जाताना सगळं तपासलं जातं. काचेची बाटली चालत नाही, ब्लेड किंवा टोकयंत्र चालत नाही, ब्रश लाकडी दांड्याचे द्या. संच घेऊन जाऊ नका, संचात पांढरा एकच असतो. सुटा घ्या, मोठ्या बाटलीतला, आणि पांढराच घ्या. बाकीचे रंग लोक देतात.